श्वासाची चित्रं

१

ठकूने चाळिशी ओलांडली होती, केसांत पांढऱ्या बटा डोकावू लागल्या होत्या, पण घरात ती अजून ठकूच होती. म्हणजे तिला ठकू म्हणणारे घरात आता एकटे बाबाच उरले होते. सकाळी बाबांचं आवरून झालं की ती त्यांचा हात धरून त्यांना मागच्या खोलीत आणायची, काचेच्या टेबलाखालचा दिवा लावायची, आणि मग बापलेक समोरासमोर बसून कोंबडी काढायला लागायचे.

हसू नका. बाबांनी उभा जन्म दुसऱ्यांसाठी हलती चित्रं काढली होती. जाहिरातीत नाचणारी साबणाची वडी, दात घासणारा वाघ, टाळ्या वाजवणारं बिस्कीट, ही सगळी त्यांचीच लेकरं. त्यांतल्या एकाखालीही बाबांचं नाव नव्हतं. आता म्हातारपणी पहिल्यांदाच ते स्वतःचा चित्रपट करत होते, तोही केवढा, तर कपातला चहा निवेल तेवढ्या वेळाचा. त्याच्या शेवटी पडद्यावर बाबांचं नाव यायचं होतं. ते नाव बाबांनी स्वतःच्या डोळ्यांनी वाचावं, एवढीच ठकूची इच्छा होती.

गोष्ट सोपी होती. एका घरात एक अस्वल, एक कोंबडी, एक साळींदर आणि एक ससा राहतात. अस्वल सारखं चष्मा शोधतं आणि चष्मा त्याच्या कपाळावरच असतो. साळींदराला सगळ्यांना मिठ्या मारायची भारी हौस. ससा रोज उशिरा येतो आणि रोज नवी थाप मारतो. कोंबडी पायात सपाता घालून घरभर फिरते, चहा टाकते आणि सगळ्यांना दटावते. आपण कागदावरची चित्रं आहोत, याचा त्यांच्यातल्या कोणालाच पत्ता नाही. शेवटी मात्र कोंबडी दारात येऊन उभी राहते, सहज खाली बघते, आणि तिला कागदाच्या खालच्या कडेची भोकं दिसतात. कागद हलू नये म्हणून तो टेबलावरच्या खुंट्यांत अडकवायची ती भोकं. कोंबडीला सगळं कळतं. मग कोरा कागद, आणि खेळ खलास.

हा शेवट आईने सुचवला होता. "शेवटी एकीला तरी कळू द्या की हो," ती म्हणाली होती. "बिचाऱ्यांना जन्मभर अंधारात का ठेवायचं?" आणि स्वतःच हसत सुटली होती. कोंबडी आपल्यावरूनच बेतलीय हे तिला पक्कं ठाऊक होतं. पाय घसरून पडल्यापासून आई एक पाऊल ठाम टाकायची आणि दुसरं किंचित घासत आणायची. बाबांनी कोंबडीला तीच चाल दिली होती.

आईला जाऊन वर्ष होत आलं होतं. त्यानंतर बाबांचा विसराळूपणा वाढला. रोज सकाळी पहिली रेघ ओढायच्या आधी ते मान वर करून विचारायचे, "आई कुठंय गं?"

पहिल्यांदा विचारलं तेव्हा ठकूच्या तोंडून निघून गेलं होतं, "मावशीकडे गेलीय, बाबा. येईल." मग रोज तेच उत्तर. बाबा तिच्याकडे जरा वेळ बघत राहायचे, मान डोलवायचे आणि कामाला लागायचे. खरं सांगायचा धीर ठकूला काही झाला नाही.

कामाची वाटणी ठरलेली होती. मुख्य चित्रं बाबांची. कोंबडी शेगडीपाशी, कोंबडी दारात. शेगडीपासून दारापर्यंतची सगळी मधली पावलं ठकूची. चेहऱ्यांसाठी तिच्या पुढ्यात एक छोटा आरसा असायचा, कारण दचकलेली कोंबडी काढायची तर आधी स्वतः दचकून बघावं लागतं. आणि श्वास, तेही ठकूचेच. हा त्या दोघांचा घरातला शब्द होता. एखादं पात्र नुसतं उभं असेल तर कामचुकार माणूस एकच चित्र दाखवत राहतो, आणि पडद्यावर ते पात्र मेल्यासारखं दिसतं. म्हणून बाबा तेच उभं चित्र पुन्हा पुन्हा नव्या कागदावर गिरवून घ्यायचे. माणसाच्या हातून हुबेहूब तीच रेघ कधी येत नाही, केसभर इकडेतिकडे होतेच. अशी चित्रं एकामागून एक फिरवली की रेघ थरथरते आणि पात्र जिवंत वाटतं. "श्वास दे तिला," बाबा म्हणायचे, आणि ठकू गिरवायला घ्यायची.

२

आवाजाचं काम कानसेनकाकांकडे होतं. बाबांचे जुने दोस्त, नाव काहीतरी वेगळंच, पण ते आता त्यांनाही आठवत नसावं. एका दुपारी ते पेटी घेऊन आले आणि म्हणाले, "आधी मला तुमच्या घराची शांतता पाहिजे."

"शांतताच पाहिजे तर वाचनालयात जा की," बाबा म्हणाले.

"ती तिथली झाली. तुझी कोंबडी तुझ्या घरात राहते ना? मग इथलीच लागणार." ठकूकडे वळून त्यांनी समजावलं, "दोन घरांची शांतता सारखी नसते गं. नुसतं आवाज बंद करून चालत नाही, तिथं भोक पडल्यासारखं वाटतं."

त्यांनी फ्रिज बंद केला, भिंतीवरच्या घड्याळाचा सेल काढला, खिडक्या लावल्या. मागच्या खोलीत माइक ठेवून त्यांनी सगळ्यांना घराबाहेर पिटाळलं आणि दाराला बाहेरून कडी घातली. तिघंजण पायरीवर बसून राहिले. काकांनी तोंडावर बोट ठेवलं होतं, आणि बाबा त्यांना मुद्दाम जीभ काढून दाखवत होते. ठकूला हसू आवरेना. खूप दिवसांनी त्या घराच्या दारात हसणं झालं होतं.

दोन दिवसांनी काकांचा फोन आला.

"ठकू, पावलं फर्मास झालीत गं."

"कसली पावलं?"

"कोंबडीची! मी शांतता मागितली आणि तू आयती पावलं करून ठेवलीस. चित्राखाली लावून बघितली, एक पाऊल इकडचं तिकडे नाही. शेगडीकडून निघाली, टेबलाशी थांबली, झाकण ठेवलं, परत फिरली. एक ठाम, एक घासत. सपाता खऱ्या वापरल्यास वाटतं?"

"काका, मी तुमच्याजवळ पायरीवर बसले होते."

पलीकडे काकांनी ती पावलं पुन्हा एकदा लावून ऐकली.

"मग वरच्या मजल्यावरचे असतील कोणी," काका शेवटी म्हणाले.

घराला वरचा मजला नव्हता. काका त्या घरात इतकी वर्षं येत होते, त्यांना ते चांगलं माहीत होतं. "हो, तेच असतील," ठकू म्हणाली आणि तिने फोन ठेवला.

३

ठकू काही भाबडी बाई नव्हती. तिने मनाची रीतसर समजूत घातली. उंदीर असेल. नळाच्या पाइपात हवा अडकली असेल. नाहीतर काकांनीच जुन्या कामातली पावलं चुकून याच्यात मिसळली असतील, वय झालंय त्यांचंही. अशी तीन-तीन कारणं हाताशी असली की माणसाला झोप लागायला हरकत नसते. तिला लागली नाही, ती गोष्ट वेगळी.

मग एके दिवशी पातेल्यावरचं झाकण उलटं दिसलं. वाफेचं पाणी ओट्यावर सांडू नये म्हणून आई झाकण उलटं ठेवायची. ठकूला ती सवय कधी लागली नाही, त्यावरून तिने बोलणीही खाल्ली होती.

"बाबा, तुम्ही स्वयंपाकघरात गेला होता?"

"मी कशाला जातोय? मला शेगडी तरी पेटवता येते का?"

हे मात्र खरं होतं.

त्याच आठवड्यात बाबांनी नवी मुख्य चित्रं काढली. कोंबडी स्टूल ओढून खिडकीशी नेते, अस्वलाचा चष्मा हातात घेते, तोंडाची वाफ देऊन काचा पुसते आणि टेबलावर ठेवून देते. गोड प्रसंग होता. ठकूने सकाळभर बसून मधली चित्रं भरली. जेवणं झाल्यावर बाबा तिच्या समोरच्याच खुर्चीत डुलक्या घेऊ लागले, आणि ती पेन्सिलींना टोक करत बसली.

तेव्हा स्वयंपाकघरात स्टूल सरकल्याचा आवाज आला.

लाकडाचा पाय फरशीवर घासत जातो तसा, लांबलचक. मग काहीच नाही. तिने बाबांकडे पाहिलं. त्यांचा घोरण्याचा सूर तसाच चालू होता, हात पोटावर, डोळ्यांवर चष्मा नाही. चष्मा कुठे गेला? जेवताना तर होता.

ती उठली. उठायला फार वेळ लागला, पण उठली. पॅसेज ओलांडून स्वयंपाकघराच्या दारात गेली. आत कोणी नव्हतं. स्टूल खिडकीशी होतं. टेबलावर बाबांचा चष्मा घडी करून ठेवला होता. गेले कित्येक महिने त्याच्यावर पेन्सिलीची भुकटी आणि बोटांचे ठसे असायचे, ठकू पुसायची विसरायची. आता काचा लख्ख होत्या. एका काचेच्या कोपऱ्यात तेवढा वाफेचा एक ठिपका राहिला होता. ठकूच्या डोळ्यांदेखत तो आक्रसत गेला आणि नाहीसा झाला.

खरं तर तिने किंचाळायला हवं होतं. पण तिला रडू फुटलं. बाबांचा चष्मा कोणीतरी पुसला, याचंच तिला इतकं भरून आलं की घाबरायचं राहून गेलं. भीती नंतर आली, चष्मा घेऊन परत येताना, पाठीमागून.

४

चित्रपट ज्या महोत्सवात दाखवायचा होता, त्या महोत्सवाच्या बाईंचा फोन आला. आवाज गोड, पण बोलणं रोखठोक. शेवट तेवढा राहिलाय ना, मग आठवड्यात पाठवा, नाहीतर यंदा जमणार नाही. ठकूने हो म्हटलं. पुढच्या वर्षाच्या गोष्टी तिला करायच्या नव्हत्या. डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं होतं की बाबांच्या हाताची थरथर वाढत जाईल, आणि माणसं ओळखण्याचंही काही सांगता येत नाही.

पण बाबा शेवटाचं चित्र काढेनात. आज हात दुखतो, उद्या उजेड बरा नाही, परवा कोंबडीच्या चहात साखर कमी पडली म्हणून तो प्रसंग पुन्हा. रोज नवी थाप, अगदी सशासारखी. शेवटी ठकू म्हणाली, "मग मी काढते." बाबा समोर बसून नुसते तिच्या पेन्सिलीकडे बघत राहिले.

तिला कळत नव्हतं असं नाही. झाकण, स्टूल, चष्मा. सकाळी कागदावर जे व्हायचं ते दुपारी घरात व्हायचं, हे एखाद्या मुलालाही कळलं असतं. पण कळणं वेगळं आणि मान्य करणं वेगळं. मान्य केलं तर काय काय मान्य करावं लागेल, हा विचार ती अर्ध्यावरच सोडून द्यायची. त्यापेक्षा आपण थकलोय, भास होतात, हे बरं होतं. आणि शेवट तर आईनेच सुचवलेला. आईचा शब्द पाळला जाईल, बाबांचं नाव पडद्यावर येईल, यात वाईट काय आहे? असं ती स्वतःला बजावत होती.

तिने कोंबडी शेगडीपाशी काढली. मग वळताना. मग चालताना, एक पाऊल ठाम, एक घासत. दुपारचं ऊन खिडकीतून टेबलाच्या पायापर्यंत आलं होतं. कोंबडी दारात पोचली. ठकूने तिची मान खाली वाकवली. मानेची पिसं काढली, तुरा काढला, डोळ्याचा गोल काढला. बुबुळ ती नेहमी सगळ्यात शेवटी ठेवायची. बुबुळाचा ठिपका ठेवला की मग पात्र बघायला लागतं.

तेव्हा पॅसेजमध्ये पाऊल वाजलं.

एक ठाम. एक घासत. घाई नव्हती, कामाच्या मधून कोणी सहज बघायला यावं तसं ते येत होतं. ठकूची पाठ दाराकडे होती. पावलं तिच्या मागे उंबऱ्यापाशी आली आणि थांबली. खोलीत चहाच्या वाफेचा वास आला.

ठकूने मान वळवली नाही. समोर बाबा होते. त्यांची नजर तिच्या खांद्यावरून पलीकडे गेली होती, आणि त्यांच्या चेहऱ्यावर ते हसू होतं, जे तिने लहानपणी रोज पाहिलं होतं आणि वर्षभरात एकदाही नाही. मग तिचं लक्ष पुढ्यातल्या आरशाकडे गेलं. आरसा एवढासा, जरा खाली झुकलेला. त्यात दाराचा खालचा भाग तेवढा दिसत होता. उंबऱ्यावर दोन सपाता होत्या. एकीचं टोक आत वळलेलं. त्या सपाता आई गेल्यावर ठकूने स्वतःच्या हाताने देऊन टाकल्या होत्या. आरशात त्यांची कड स्थिर नव्हती. ती केसभर थरथरत होती, पुन्हा पुन्हा गिरवलेल्या रेघेसारखी.

पेन्सिलीचं टोक कोंबडीच्या डोळ्यावर टेकलेलं होतं. खाली एक ठिपका दिला की झालं. मागे कोणीतरी मान खाली घालून, वाट बघत उभं होतं.

"अगं," बाबा एकदम मोठ्याने म्हणाले, दाराकडे बघत, "चष्मा सापडला बरं का माझा! कपाळावरच होता!"

ठकूचा हात आपोआप हलला. तिने बुबुळ डोळ्याच्या वरच्या कडेला ठेवलं. कोंबडी वर बघायला लागली, अस्वलाकडे.

मागे कोणीतरी नाकातून हलकंसं हसलं. मग पावलं वळली, एक ठाम, एक घासत, आणि आली तशी स्वयंपाकघराकडे गेली.

५

ठकूने पेन्सिल खाली ठेवली. "बाबा, आई..." ती म्हणाली. "आई मावशीकडे नाहीये, बाबा."

"माहितेय मला."

"नाही, म्हणजे तुम्हाला आठवत नसेल, पण..."

"ठकू, तू दवाखान्याची गाडी आली का बघायला बाहेर धावलीस, तेव्हा तिचा हात माझ्या हातात होता. विसरेन का मी ते?" बाबांनी टेबलावरून हात पुढे करून तिच्या मनगटावर ठेवला. तो थरथरत होता. "किल्ल्या विसरतो, वार विसरतो. ते नाही विसरलो."

"मग रोज का विचारत होता, आई कुठंय म्हणून?"

"तुला ऐकू येतंय का ते बघायला. मला पहिल्या दिवसापासून येत होतं. ही आत्ता शेगडीशी, ही आत्ता खिडकीशी. तू म्हणायचीस मावशीकडे. म्हटलं, पोरीला एवढ्यात नको घाबरवायला."

ठकूला हसावं की रडावं कळेना. वर्षभर ती बाबांना सांभाळत होती आणि बाबा तिला. दोघंही त्यात बऱ्यापैकी ढ होते.

बाबा पुढे वाकले. त्यांनी आवाज इतका खाली आणला की तिला त्यांच्या ओठांकडे बघावं लागलं.

"पण तिला माहीत नाहीये."

"कोणाला?"

बाबांनी भुवईने स्वयंपाकघराकडे खूण केली. "तिला वाटतं, रोजच्यासारखाच दिवस आहे. चहा टाकायचाय, चष्मा पुसायचाय. तो शेवट सुचवला तेव्हा ती हसत होती, तेव्हा तिला काय ठाऊक? तिला सांगू नकोस, ठकू."

"पण मग चित्रपट? तुमचं नाव?"

"नाव काय करायचंय," बाबा म्हणाले. त्यांनी तो वाकलेल्या कोंबडीचा कागद खुंट्यांवरून काढला, काळजीपूर्वक त्याची घडी घातली आणि खिशात ठेवून दिला. "महोत्सवाच्या बाईंना सांग, म्हातारा शेवट विसरला म्हणून. लगेच विश्वास ठेवतील."

मग त्यांनी एक कोरा कागद ओढला आणि कापऱ्या हाताने कोंबडी काढली. शेगडीपाशी उभी, पाण्याला उकळी यायची वाट बघत. पूर्वी ते एका झटक्यात काढायचे, आता बराच वेळ लागला. रेघा वाकड्या आल्या होत्या, तरी ती आईच होती. त्यांनी तो कागद ठकूपुढे सरकवला.

"श्वास दे तिला. रोज द्यायचे. मला जमेनासं झालं की मुख्य चित्रंही तूच काढायची." मग तिच्याकडे जरा जास्तच वेळ बघत ते म्हणाले, "आणि तूसुद्धा सारखी खाली मान घालून बसू नकोस गं. बरं नसतं ते."

ते हे नेहमीच म्हणायचे, ती शाळेत होती तेव्हापासून. पण आज स्वतःच्या पायांकडे बघावं असं तिला एकदम फार वाटलं. तिने बघितलं नाही.

तिने नवा कागद खुंट्यांत अडकवला आणि गिरवायला घेतलं. सपाता, तुरा, झाकणावरचा पंखाचा हात. पहिलं चित्र झालं, दुसरं झालं. आत पाण्याला आधण आल्याचा आवाज येऊ लागला. शेगडी पेटवायला ठकू काही उठली नव्हती. कप ठेवल्याचा आवाज झाला. मग आणखी एक. मग थांबला. नेहमीचे दोनच, बाबांचा आणि आईचा स्वतःचा.

ठकूची भीती गेली नव्हती. पेन्सिल हातात घसरत होती, आणि तरी एवढ्या सगळ्यात तिला लहानपणी वाटायचं तसं वाईट वाटलं, की आपला कप घेतला नाही.

तिने हात न थांबवता, आवाज शक्य तितका रोजच्यासारखा ठेवून हाक मारली, "आई, मलाही टाक गं थोडा."

आत क्षणभर काही हललं नाही.

मग फडताळ उघडलं, आणि तिसरा कप ओट्यावर ठेवल्याचा आवाज आला.